लेस्बियन स्त्रीवाद

स्त्रियांमधील परस्पर प्रेमसंबंध ही खाजगी बाब न मानता विवाहसंस्था व पुरुषसत्ता यांच्या चिकित्सेचा आधार मानणारी विचारधारा. संज्ञा ग्रीसमधील लेझ्बॉस बेटावरून व तेथील कवयित्री सॅफो हिच्यामुळे रूढ झाली. मराठीतील ‘समलिंगी’ या शब्दातून स्त्रीचा वेगळा बोध होत नसल्याने येथे मूळ संज्ञाच ठेवली आहे.

अमेरिका : स्त्रीवादी नेत्या बेटी फ्रीडन यांनी स्त्री-चळवळीतील लेस्बियन स्त्रियांना ‘लॅव्हेंडर धोका’ ठरविले. १ मे १९७० रोजी न्यूयॉर्कच्या स्त्री-परिषदेत हेच शब्द छापलेले सदरे घालून कार्यकर्त्यांनी व्यासपीठाचा ताबा घेतला. बॉस्टनमधील कृष्णवर्णीय स्त्रियांच्या कॉम्बाही रिव्हर गटाने १९७७ च्या निवेदनात पुरुषांपासून फारकत घेण्याचे धोरण नाकारले. वर्णद्वेषाविरुद्ध कृष्णवर्णीय पुरुषांसोबतच लढावे लागते, हे त्याचे कारण. भिन्नलिंगी संबंध स्त्रीवर लादले जातात, हे एड्रिएन रिच यांचे प्रतिपादन १९८० चे. कोशांतून बहुधा एवढाच इतिहास येतो.

ग्वांगदोंग (चीन) : पर्ल नदीच्या त्रिभुज प्रदेशात, विशेषतः शुन्दे भागात, एकोणिसाव्या शतकापासून काही मुली लग्न न करण्याची जाहीर शपथ घेत. लग्नात वधूचे केस वर बांधण्याचा विधी असे. या मुली तो देवासमोर स्वतःच करीत व त्यावरूनच ओळखल्या जात. मुळाशी रेशीम होते. १८७० नंतर वाफेवरील रेशीमगिरण्या आल्या, मुलीच्या हाती रोजगार आला आणि कमावत्या लेकीला सासरी धाडण्याची माहेरची घाईही ओसरली. लग्न लागलेल्या काही जणी पतीसाठी दुसरी स्त्री आणण्याचा खर्च स्वतः सोसून मोकळ्या होत. अविवाहित लेकीला माहेरी मरण येणे अशुभ मानत, म्हणून त्या वर्गणी काढून सामाईक घरे बांधीत. आजारपण आणि उत्तरक्रिया तेथेच. मानववंशशास्त्रज्ञ मार्जोरी टॉप्ली यांनी हाँगकाँगमधील वृद्धांकडून ही माहिती मिळवून १९७५ मध्ये प्रसिद्ध केली. या स्त्रियांच्या भगिनीमंडळांत शरीरसंबंध कितपत होते, याविषयी मतभेद आहेत. १९३० नंतर रेशमाचा बाजार कोसळला व अनेकजणी हाँगकाँग, सिंगापूर येथे घरकामाला गेल्या.

लेसोथो व सूरिनाम : लेसोथोतील विवाहित स्त्रियांच्या ‘मोत्सोआले’ मैत्रीचा समारंभ होई, त्याला नवऱ्याचीही उपस्थिती असे. म्फो न्थुन्या यांनी आत्मकथनात तो वर्णिला आहे. सूरिनाममधील स्त्रियांच्या परस्पर ‘माती’ संबंधांवर ग्लोरिया वेकर यांचे लेखन (२००६) आहे.

जपान : ‘सेइतो’ हे स्त्रियांचे नियतकालिक (१९११), संस्थापक हिरात्सुका राइचो.

बीजिंग परिषद (१९९५) : दक्षिण आफ्रिकेच्या बेव्हर्ली डिट्सी यांनी संयुक्त राष्ट्रांच्या स्त्री-परिषदेत लेस्बियन म्हणून उघडपणे भाषण केले. तरी अंतिम मसुद्यातून लैंगिक कलाचा उल्लेख वगळला गेला.

भारत : इस्मत चुगताई यांच्या ‘लिहाफ’ (१९४२) कथेवर लाहोरमध्ये अश्लीलतेचा खटला झाला. मराठीत विजय तेंडुलकरांचे ‘मित्राची गोष्ट’ (१९८१) हे नाटक आले; त्यातील मित्रा या लेस्बियन नायिकेची भूमिका रोहिणी हट्टंगडी यांची. मात्र मित्राची कैफियत बापू या पुरुष-मित्राच्या निवेदनातून येते, हे समीक्षेने पुरेसे लक्षात घेतलेले नाही. मुंबईत १९९५ मध्ये ‘स्त्री संगम’ (पुढे ‘लेबिया’) हा गट स्थापन झाला. दीपा मेहतांच्या ‘फायर’ या चित्रपटावर डिसेंबर १९९८ मध्ये मुंबई-दिल्लीत हल्ले झाले, तेव्हा प्रश्न अभिव्यक्तिस्वातंत्र्याचा की लेस्बियन अस्तित्वाचा, यावर स्त्री-संघटनांतही एकमत नव्हते. ‘मानुषी’तून मधू किश्वर यांनी चित्रपटावरच टीका केली.

भारतीय दंड संहितेच्या कलम ३७७ मधील संमतीच्या समलिंगी संबंधांना लागू होणारा भाग ६ सप्टेंबर २०१८ रोजी रद्द झाला. सर्वोच्च न्यायालयाच्या १७ ऑक्टोबर २०२३ च्या निकालात समलिंगी विवाहाचा हक्क नाकारला गेला. स्त्रियांच्या बाबतीत मात्र ३७७ पेक्षा घरच्यांनी पोलिसांत दिलेली अपहरणाची तक्रार अधिक वापरात राहिली. त्यामुळे घरात डांबलेल्या जोडीदारासाठी उच्च न्यायालयात ‘हेबियस कॉर्पस’ अर्ज करण्याची वेळ आजही येते.