कॅसरोल, सरगुंडे आणि मोठ्याचं गोश्त

आमच्याकडे कॅसरोल म्हटलं की पोळ्या गरम ठेवायचा डबा. बाहेरून प्लास्टिक, आतून स्टील. लग्नाच्या आहेरात असे तीन-चार तरी येतात आणि त्यातले दोन वर्षानुवर्षं माळ्यावर पडून राहतात. त्यामुळे घरातल्या मुलींनी मोबाइलवर बघून "आज रात्री कॅसरोल करू" असं म्हटलं, की वडीलधाऱ्या बायका विचारतात, "करायचं काय त्यात? पोळ्याच ठेवायच्या ना?"

दोघींचंही बरोबर आहे. कॅसरोल हा फ्रेंच शब्द मुळात भांड्याचा. भांड्यावरून पदार्थाचं नाव पडलं, जसं आपल्याकडे हंडीचं पडलं. मोबाइलवरचा पदार्थ साधा आहे. शिजवलेली मॅकरोनी, टमाट्यात शिजवलेला बीफचा खिमा, वरून चीज, आणि सगळं एकाच भांड्यात भट्टीत भाजायचं. घरात सात-आठ माणसं असली की रात्रीच्या जेवणाला सोयीचा. एक भांडं दस्तरखानावर ठेवलं की झालं.

कुंभार पिंपळगावसारख्या गावात हा पदार्थ 'विलायती' ठरतो. पण त्यातली एकेक जिन्नस बाजूला काढून तिचा इतिहास विचारला, तर उत्तरं भलतीच येतात.

आधी मॅकरोनी. मराठवाड्यात उन्हाळ्यात शेवया, कुरडया होतात तसे सरगुंडेही होतात. गव्हाचं पीठ घट्ट मळायचं, त्याची बारीक वळी सराच्या काडीभोवती गुंडाळायची, अलगद काढायची आणि वाळवायची. आतून पोकळ, बाहेरून वळ्यावळ्यांचे. आमरसाबरोबर खातात. इटलीच्या बाईला दाखवले तर ती त्यांना पास्ताच म्हणेल. नखुल्या, मालत्या, बोटवे ही सगळी त्याच घराण्यातली. ज्या आज्यांनी मॅकरोनीचं नाव ऐकलं नव्हतं त्यांनी हयातभर मॅकरोनी वळली. पास्ता परका आहे असं म्हणणाऱ्यानं एकदा अधिक महिन्यात जावयाच्या ताटात डोकावून बघावं.

शेवयांचं तर विचारूच नका. शीरखुर्म्याशिवाय ईद नाही. वर्गात उर्दू शिकवताना 'रिश्ता' हा शब्द आला की मी जरा थांबतो. फारसीत रिश्ता म्हणजे धागा. धाग्यानं बांधलं जातं म्हणून रिश्ता म्हणजे नातं, तो अर्थ आपण घेतला. पण फारसीत पिठाच्या धाग्यालाही, म्हणजे शेवईलाही, रिश्ताच म्हणतात. इराणमध्ये आजही 'आश-ए-रिश्ते' नावाचं दाट सूप घरोघरी होतं. मुलांना गंमत वाटते. पोरीसाठी रिश्ता आला म्हणजे शेवया आल्या का, असं कुणीतरी विचारतंच.

हा रिश्ता गोश्ताबरोबर शिजत होता याचा लेखी पुरावा आहे. १२२६ मध्ये बगदादला मुहम्मद बिन हसन अल-बगदादी यांनी 'किताबुत्तबीख' नावाचं पाककृतींचं पुस्तक लिहिलं. मंगोलांनी बगदाद उद्ध्वस्त केलं १२५८ मध्ये, म्हणजे त्यानंतर बत्तीस वर्षांनी. त्या पुस्तकात 'रिश्ता' नावाचा पदार्थ आहे. चरबीचं गोश्त, दालचिनी, मूठभर सोललेले हरभरे, त्याच्या निम्मी मसूर, आणि चार बोटं लांबीच्या पिठाच्या बारीक पट्ट्या. हे सालन आपल्याकडच्या कुठल्याही घरात ओळखीचं वाटेल.

बगदादपासून सिसिली बेटापर्यंत अरबांचा वावर होता. सिसिलीचा ख्रिस्ती राजा दुसरा रॉजर याच्या दरबारात अल-इद्रीसी हे मुसलमान भूगोलतज्ज्ञ होते. ११५४ मध्ये पूर्ण झालेल्या त्यांच्या ग्रंथात पालेर्मोजवळच्या त्राबिया गावाची नोंद आहे. तिथं 'इत्रिया', म्हणजे वाळवलेल्या शेवया, मोठ्या प्रमाणात बनतात आणि जहाजं भरभरून मुसलमान आणि ख्रिस्ती अशा दोन्ही मुलुखांत जातात, असं ते सांगतात. मार्को पोलोनं चीनहून पास्ता आणला ही गोष्ट शाळेत अनेकांनी ऐकली असेल. मार्को पोलो परत आला १२९५ मध्ये. इद्रीसींची नोंद त्याच्याआधी एकशे एक्केचाळीस वर्षांची आहे.

आता भाजणं. पास्ता, खिमा आणि वर दुधा-मैद्याचा पांढरा थर असा भाजलेला पदार्थ ग्रीसमध्ये पास्तित्सिओ म्हणून होतो आणि इजिप्तमध्ये 'मकरोना बेशमेल' म्हणून. इजिप्तमध्ये तो रमजानच्या इफ्तारला आणि घरच्या दावतीला हमखास असतो. दिसायला केकसारखा, कापून वाढायचा. तिथले लोक आखातात कामाला गेले, आपलेही गेले. त्यामुळे आपल्यातल्या काही घरांत हा पदार्थ अमेरिकेच्या नावानं न येता सौदी-दुबईहून परतलेल्या माणसाबरोबर आला, तर त्यात नवल नाही.

भट्टी नाही ही अडचणही नवी नाही. तिच्यावर आपल्याकडे जुना तोडगा आहे, तो म्हणजे दम. हंडीचं झाकण कणकेनं बंद करायचं, खाली मंद आर, झाकणावर निखारे. वरून आणि खालून आच दिली की भट्टीच झाली. आमच्या गावाच्या नावातच कुंभार आहे, तेव्हा मातीचं भांडं आच कशी धरून ठेवतं हे आम्हाला वेगळं सांगायला नको. काचेच्या भांड्याची गोष्ट त्या मानानं अलीकडची. अमेरिकेतल्या कॉर्निंग कंपनीतल्या एका शास्त्रज्ञाच्या बायकोचं, बेसी लिटलटन यांचं, भाजायचं मातीचं भांडं तडकलं. नवऱ्यानं कारखान्यातल्या बॅटरीच्या काचेच्या बरणीचा बूड कापून घरी आणला. १९१३ मध्ये त्यांनी त्यात केक भाजून बघितला आणि १९१५ मध्ये पायरेक्सची भांडी बाजारात आली. इथंही सुरुवात तडकलेल्या मडक्यापासूनच.

टमाटे आणि मिरची अमेरिका खंडातली. विदर्भात जुनी माणसं टमाट्याला भेदरं म्हणतात. चीज बाजारातलं, आणि त्याच्या पाकिटावर हिरवा ठिपका असतो, त्यामुळे हलाल-हरामचा प्रश्नही बराचसा मिटतो. यावर जास्त लिहिण्यासारखं नाही.

राहिलं गोश्त. खरं लिहायचं आहे ते इथं.

या सगळ्या यादीत आपल्या दस्तरखानावर सर्वांत जुनं आणि सर्वांत सवयीचं काय असेल, तर मोठ्याचं गोश्त. औरंगाबादचा नान-कलिया घ्या. १३२७ मध्ये मुहम्मद बिन तुघलकानं राजधानी दौलताबादला हलवली, त्या लवाजम्याबरोबर तो आला असं सांगितलं जातं. शेकडो माणसांना पुरेल असं सालन बकऱ्याच्या भावात गरिबाला परवडत नाही. मोठ्याचं परवडतं, म्हणून ते लग्नाचं, दावतीचं आणि रोजचंही गोश्त झालं. एकट्या मुसलमानांचंच असंही नाही. शाहू पाटोळे यांचं 'अन्न हे अपूर्णब्रह्म' वाचा. मराठवाड्यातल्या महार-मांग समाजांचं खाणं त्यात नोंदवलेलं आहे. त्यातल्या चान्या, म्हणजे मिठात घोळून वाळवलेल्या गोश्ताच्या पट्ट्या, आमच्या मोहल्ल्यातल्या सुक्या गोश्ताच्या सख्ख्या बहिणी.

हे पुस्तक २०१५ मध्ये आलं. त्याच वर्षी ४ मार्चला महाराष्ट्रात सुधारित पशुसंरक्षण कायदा लागू झाला. १९७६ च्या मूळ कायद्यात गाईची आणि वासरांची कत्तल बंद होती. बैल आणि वळू दाखला घेऊन कापता येत होते. युती सरकारच्या काळात, १९९५ मध्ये आणलेल्या दुरुस्तीनं तेही बंद केलं आणि त्या दुरुस्तीला राष्ट्रपतींची मंजुरी वीस वर्षांनी मिळाली. कत्तलीला पाच वर्षांपर्यंत कैद, आणि ते गोश्त जवळ बाळगण्यालाही शिक्षा. ६ मे २०१६ रोजी मुंबई उच्च न्यायालयानं कत्तलबंदी कायम ठेवली, पण राज्याबाहेर कापलेलं गोश्त बाळगणं गुन्हा ठरवणारं कलम रद्द केलं. म्हैस आणि रेडा या बंदीत नाहीत. सक्षम अधिकाऱ्याचा दाखला असेल तर ते कायदेशीर आहे.

इतिहास प्रामाणिकपणे सांगायचा तर दुसरी बाजूही सांगायला हवी. जोतीराव फुल्यांनी १८८३ मध्ये 'शेतकऱ्याचा असूड' लिहिला, त्यात गोऱ्या शिपायांच्या पोटासाठी गाई-बैल कापले जातात आणि शेतकऱ्याला जनावर मिळेनासं होतं, ही तक्रार आहे. ती कुणब्याची तक्रार होती आणि खरी होती. तेव्हा बैल हेच नांगराचं इंजिन होतं. आज ट्रॅक्टर दारात उभा असताना थकलेला बैल विकून चार पैसे उभे करण्याची वाट बंद झाली, ही तक्रारही कुणब्याचीच आहे. २०२५ च्या पावसाळ्यात रस्त्यावरच्या मारहाणीला आणि गाड्या अडवण्याला कंटाळून राज्यभरच्या कुरैशी व्यापाऱ्यांनी जनावरांची खरेदी थांबवली, तेव्हा आठवडी बाजारात दावणीला उभा राहिलेला माणूस बहुतेक वेळा शेतकरीच होता.

कायदा म्हशीला परवानगी देतो, पण डब्यातल्या खिम्यावर म्हैस असं लिहिलेलं नसतं. भीती त्या फटीत राहते. म्हणून आपल्याकडे 'बीफ' हा शब्दच कुणी उच्चारत नाही. बडे का, मोठ्याचं, किंवा नुसतंच 'ते'. मोबाइलवरची बाई हसत हसत "ग्राउंड बीफ" म्हणते तेव्हा घरातलं कुणीतरी आवाज कमी करतं. सिसिलीची शेवई, अमेरिकेचा टमाटा, फ्रेंच भांडं, यातलं काहीच खिडकी लावून घ्यायला लावत नाही.

एक गंमत मात्र आहे. इटलीत पारंपरिक मोझरेला चीज म्हशीच्या दुधाचं असतं. आपल्याकडे 'मराठवाडी' या नावाची म्हशीची जात नोंदलेली आहे आणि ती आमच्याच भागातली. म्हणजे हा पदार्थ वरून खालपर्यंत म्हशीचा करता येतो.

करायचा असेल त्यांच्यासाठी. सहा माणसांना म्हशीचा अर्धा किलो खिमा ओळखीच्या, परवाना असलेल्या दुकानातून आणा आणि पावती घ्या. दोन कांदे, आलं-लसूण, चार टमाटे, तिखट, थोडा गरम मसाला घालून खिमा सुका होईपर्यंत शिजवा. म्हशीचा खिमा चिवट असतो, आधी कुकरला चार शिट्ट्या द्याव्यात. तीनशे ग्रॅम मॅकरोनी जराशी कच्ची ठेवूनच उकडा, कारण ती पुढे भाजताना शिजते. तीन चमचे मैदा लोण्यात परतून अर्धा लिटर दूध गुठळ्या न होऊ देता घाला, मीठ आणि मिरपूड घाला. भांड्यात मॅकरोनी, खिमा, पुन्हा मॅकरोनी, वर पांढरा रस, त्यावर चीज. ओव्हन असेल तर १८० अंशावर पंचवीस मिनिटं. नसेल तर मोठ्या जाड पातेल्याच्या तळाशी मीठ पसरा, त्यावर तिवई ठेवून पातेलं तापवा, भांडं आत ठेवून जड झाकण लावा आणि मंद आचेवर चाळीस मिनिटं ठेवा. वरचा थर तांबूस होणार नाही, चवीला फरक पडत नाही. बाहेर काढल्यावर दहा मिनिटं हात लावू नका, नाहीतर कापताना सगळं सांडतं. उरलंच तर झाकून ठेवायला माळ्यावरचा तो दुसरा कॅसरोल आहेच.