कीचकाची लाथ आणि सेन्सॉरची कात्री : बारामतीच्या आर्येपासून मोबाईलपर्यंत

ज्यांना कानात घालून ऐकायला वेळ नाही, त्यांच्यासाठी नेहमीप्रमाणे हा भाग लिहून देतोय. बोलताना गेलेली चार वाक्यं इथं सरळ केलीत, बाकी जसंच्या तसं आहे.

सुरुवात एका मेसेजपासून. इंदापूरकडच्या एक ताई आपला पॉडकास्ट ऐकतात. त्यांची मुलगी रोज एसटीनं बारामतीला कॉलेजला जाते. ओळखीतलाच एक जण तिला महिनाभर मेसेज करत होता. आधी गुड मॉर्निंग, मग फोटो मागणं, मग धमक्या. पोरीनं शेवटी वैतागून सगळे स्क्रीनशॉट घरच्या मोठ्या ग्रुपवर टाकले. ग्रुपवर चाळीसेक माणसं. अर्धा तास कुणी काही बोललं नाही. मग एका वडीलधाऱ्यांचं उत्तर आलं, "हा ग्रुप लग्नाच्या तारखा ठरवायला केलाय. इथं असलं टाकू नये."

ताईंनी मला विचारलं, "दादा, असल्या विषयावर काही इतिहास आहे का हो?"

आहे ना, ताई. आणि त्यातला एक मोठा तुकडा तुमच्या शेजारी, कऱ्हेच्या काठावरच लिहिला गेला.

पंतांची बारामती

मोरोपंत पराडकर मूळ पन्हाळ्याचे, जन्म 1729 चा. तरुणपणी ते बारामतीला आले, बाबूजी नाईकांच्या आश्रयाला राहिले आणि 1794 साली बारामतीतच गेले. नाईक म्हणजे पेशव्यांचे सोयरे आणि सावकार. त्यांच्या वाड्यात पंत पुराण सांगायचे आणि आर्या रचायचे. महाभारतातली पर्वं त्यांनी आर्या वृत्तात मराठीत आणली, ते 'आर्याभारत'. त्यात विराटपर्व आलं, आणि विराटपर्वात कीचकवध.

आता त्या काळात वाचता येणारी माणसं किती? पण पंतांच्या आर्या कीर्तनकारांनी उचलल्या. एकानं म्हणायचं, दोनशेंनी ऐकायचं, आणि घरी जाऊन आणखी वीस जणांना सांगायचं. त्या काळचं फॉरवर्ड म्हणा हवं तर.

गोष्ट काय होती?

तुम्ही म्हणाल, कीचकवध आम्हाला माहितीय. पण व्यासांच्या महाभारतात ही गोष्ट नीट वाचली, की लक्षात येतं, आपण आज ज्याला काळ्या विनोदाचा थ्रिलर म्हणतो तो हाच. 2022 साली 'डार्लिंग्ज' आला, मुंबईतल्या मारकुट्या नवऱ्याला बायको आणि सासू मिळून खुर्चीला बांधतात तो. बघताना हसू येतं आणि हसल्याची लाजही वाटते. कीचकवधाची चव तीच.

पांडवांचा अज्ञातवास चालू आहे. सगळे खोट्या नावानं विराटाकडे नोकरीला. ओळख फुटली तर पुन्हा बारा वर्षं वनवास. द्रौपदी सैरंध्री होऊन राणी सुदेष्णेची वेणीफणी करते. राणीचा भाऊ कीचक, राज्याचा सेनापती, तिच्या मागे लागतो. ती नाही म्हणते. मग राणीच तिला कीचकाच्या घरी मद्य आणायला पाठवते. हे वाक्य परत वाचा. एक बाईच दुसऱ्या बाईला पाठवते, भावाचं मन राखायला.

तिथून ती सुटून पळते ती थेट राजसभेत. कीचक मागून येतो, केस धरून पाडतो आणि राजासमोर लाथ मारतो.

आणि आता सभा बघा. राजा विराट म्हणतो, तुमचं भांडण माझ्या डोळ्यांआड झालं, खरं काय ते कळल्याशिवाय न्याय कसा करू? लाथ त्याच्या डोळ्यांसमोर बसलीय! भीम तिथंच आहे, संतापून बाहेरच्या झाडाकडे बघतोय. कंक झालेला युधिष्ठिर त्याला विचारतो, काय रे आचाऱ्या, सरपण शोधतोस का? मग बाहेर जा. आणि द्रौपदीला म्हणतो, तुला वेळकाळ कळत नाही, नटीसारखी रडत बसलीस, इथं सभेत फासे चाललेत, त्यात व्यत्यय येतोय.

युधिष्ठिराची अडचण खरी होती, ओळख फुटायची भीती होती. पण शब्द बघा. "आमचा खेळ चाललाय, इथं असलं नको." ताई, तुमच्या ग्रुपवरचं उत्तर यापेक्षा वेगळं आहे का?

नर्तनशाळेची रात्र

रात्री द्रौपदी स्वयंपाकघरात जाऊन भीमाला उठवते. चंदन उगाळून हातांना पडलेले घट्टे दाखवते. ते हात तोंडाशी धरून भीम रडतो. आणि मग दोघं बसून बेत करतात. नर्तनशाळेत दिवसा मुली नाच शिकतात, शिकवणारा बृहन्नडा झालेला अर्जुन. रात्री ती रिकामी. तिथं एक पलंग आहे. कीचकाला तिथं बोलवायचं.

दुसऱ्या दिवशी कीचक येऊन फुशारकी मारतो, बघ, राजासमोर मारलं, कुणी काही केलं का माझं? द्रौपदी म्हणते, येते, पण एक अट, भावांना, मित्रांना कुणालाही सांगायचं नाही. कीचक खूश. दिवसभर नटतो. अंधारात नर्तनशाळेत शिरतो, पलंगावरच्या आकृतीला हात लावतो आणि स्वतःचंच कौतुक सुरू करतो, माझ्या घरच्या बायका म्हणतात, तुझ्यासारखा देखणा पुरुष नाही. पलंगावरून भीमाचं उत्तर येतं. देखणा आहेस हे बरंच झालं, पण असा स्पर्श तू याआधी अनुभवला नसशील!

पुढचं सगळ्यांना ठाऊक आहे. भीम त्याचे हातपाय, डोकं धडात दाबून मांसाचा गोळा करतो. पहारेकरी मशाली घेऊन येतात आणि विचारत बसतात, याची मान कुठाय? हात कुठायत? द्रौपदी शांतपणे सांगते, माझ्या गंधर्व पतींनी मारला.

इथं गोष्ट संपत नाही, आणि हाच भाग आपण विसरतो. कीचकाचे भाऊबंद म्हणतात, हिच्यामुळे मेला, हिलाच त्याच्याबरोबर जाळा. तिला बांधून स्मशानात नेतात. भीमाला पुन्हा यावं लागतं, आणखी 105 जण मरतात. गावाला भीती वाटते, राणी तिला नोकरी सोडून जायला सांगते. म्हणजे छळलं गेलं तिला, आणि गाव सोडायचं तेही तिनंच. ती फक्त तेरा दिवसांची मुदत मागून घेते.

1907 : बाई गेली, भारतमाता आली

आता उडी मारू. कृष्णाजी प्रभाकर खाडिलकर, टिळकांच्या 'केसरी'तले. 1905 साली बंगालची फाळणी झाली, व्हाइसरॉय कर्झन. खाडिलकरांनी 1907 मध्ये 'कीचकवध' रंगभूमीवर आणलं. नाटकात कर्झनचं नाव कुठंच नाही, पण प्रेक्षकांना सांगावं लागलं नाही. कीचक म्हणजे कर्झन, द्रौपदी म्हणजे देश, सबुरीचा सल्ला देणारा युधिष्ठिर म्हणजे मवाळ आणि भीम म्हणजे जहाल. लंडनच्या 'टाइम्स'च्या व्हॅलेंटाइन चिरोलनं या नाटकाची दखल घेतली, आणि 1910 मध्ये सरकारनं त्यावर बंदी घातली.

नाटक म्हणून मोठंच काम. पण एक गंमत झाली. द्रौपदी भारतमाता झाली आणि हाताला घट्टे पडलेली, मालकिणीनं फसवलेली नोकरदार बाई मागे पडली. त्यात तिचं काम तेव्हाच्या रिवाजानं पुरुषच करायचा.

1920 : बायका पडद्यावर

मग सिनेमा आला. कोल्हापूरच्या बाबूराव पेंटरांनी स्वतः कॅमेरा बनवला, महाराष्ट्र फिल्म कंपनी काढली आणि पहिला चित्रपट निवडला 'सैरंध्री'. 1920 च्या फेब्रुवारीत तो पुण्यात आर्यन थिएटरला लागला. टिळकांनी पेंटरांना 'सिनेमा केसरी' पदवी दिली ती याच काळात. फाळक्यांनी 1913 मध्ये 'मोहिनी भस्मासुर'साठी दुर्गाबाई आणि त्यांची मुलगी कमलाबाई यांना कॅमेऱ्यासमोर उभं केलं होतं. पेंटरांनीही बायकाच घेतल्या, गुलाबबाई आणि अनसूयाबाई. समाजानं दोघींना वाळीत टाकलं, त्यांना स्टुडिओच्या आवारात राहावं लागलं.

अपमान झालेल्या बाईची गोष्ट सांगायला बाई पुढे आली, तर तिलाच गावाबाहेर. राणी सुदेष्णा विसाव्या शतकातही कामावर होती.

आणि सेन्सॉर? भीम कीचकाला मारतो ते दृश्य फार भयानक वाटलं, ते कापायला लावलं. पुढे 1933 मध्ये शांतारामबापूंनी प्रभातसाठी 'सैरंध्री' रंगीत करायचा घाट घातला, प्रिंट जर्मनीत केल्या, पण रंग जमले नाहीत.

माझ्या ध्यानात आलेली गोष्ट एवढीच. कीर्तन, नाटक, मूकपट, रंगीत चित्रपट, नवीन माध्यम आलं की मराठी माणूस हीच गोष्ट पुन्हा काढतो. आणि अधिकाऱ्यांना त्रास होतो तो नेहमी कीचक मेल्याचा. नाटकावर बंदी त्यापायी, चित्रपटाला कात्री त्यापायी. भर सभेतल्या लाथेवरून गोंधळ झाल्याचं माझ्या वाचनात नाही. लाथ चालते. वध खटकतो.

आणि आता मोबाईल

आज सभा खिशात आहे. पोरगी स्क्रीनशॉट टाकते, म्हणजे द्रौपदीसारखी धावत सभेत येते. आपण बघणारे विराट आहोत, "खरं काय ते माहीत नाही" म्हणणारे. थोडे युधिष्ठिर आहोत. आणि जरा जास्तच आहेत ते उपकीचक, त्यानंतर तिच्यावरच तुटून पडणारे, "तिनंच आधी रिप्लाय केला असेल" म्हणणारे.

सूडाचे सिनेमे आपल्याला का आवडतात, हे मला इथं कळलं. सभेनं काम केलं असतं, तर नर्तनशाळेची गरजच पडली नसती. द्रौपदी आधी न्याय मागायला गेली होती, बेत तिनं नंतर केला. आणि तिला निदान भीम होता. सगळ्यांना नसतो, आणि असू पण नये. कारण 105 प्रेतं हा काही न्याय नव्हे.

आपल्याकडे दुसरा रस्ता आहे. नको म्हणूनही पाठलाग करणं, ऑनलाइन मागे लागणं, हा 2013 पासून स्वतंत्र गुन्हा आहे. आता तो भारतीय न्याय संहितेच्या कलम 78 मध्ये येतो. पहिल्यांदा शिक्षा झाली तरी तीन वर्षांपर्यंत कैद होऊ शकते. स्क्रीनशॉट पुसू नका, तारखांसकट ठेवा.

ताईंनी परवा पुन्हा मेसेज केला. त्या स्वतः मुलीला घेऊन पोलीस ठाण्यात गेल्या, तक्रार दिली. पुढचं पुढे. पण जायच्या आधी त्यांनी त्या ग्रुपवर एक ओळ टाकली होती : "लग्नाच्या तारखा नंतर ठरवू. आधी हे वाचा."

त्यावर पहिला अंगठा आला तो मुलीच्या आजीचा. आजींना टाइप करता येत नाही. पण सभेत सगळ्यात आधी बोलल्या त्याच.