रिस्ले परिपत्रक आणि नाशिकचे विद्यार्थी

सन १९०७ च्या मे महिन्यांत हिंदुस्थान सरकारच्या गृहखात्याचे चिटणीस हर्बर्ट रिस्ले यांचें एक परिपत्रक प्रांतिक सरकारांकडे गेलें. विद्यार्थ्यांनीं राजकारणांत किती पडावें, याची सीमा त्यांत आंखून दिली होती. शाळेंतील मुलानें राजकीय सभेस जावयाचेंच नाहीं. कॉलेजांतील विद्यार्थ्यानें गेल्यास स्वस्थ बसून ऐकावें, चळवळींत भाग घेऊं नये. शिक्षकांनाही मर्यादा होतीच. मात्र हुकूम मोडणाऱ्या मुलापेक्षां त्याच्या संस्थेवर या परिपत्रकाचा रोख अधिक होता. शाळेची ग्रँट बंद, शिष्यवृत्त्यांचा हक्क बंद, मॅट्रिकला मुलें बसविण्याची मान्यताही जाण्याचें भय. बंगालमध्यें १९०५ सालीं कार्लाईल परिपत्रकानें हीच युक्ति योजिली होती. शाळेच्या दारांत फौजदार उभा करण्याऐवजीं हेडमास्तरांनाच फौजदार करावयाचें! वर्गणी आणि ग्रँट यांच्या ओढाताणींत संस्था चालविणाऱ्यांनीं हें ऐकूं नये, अशी अपेक्षा तरी कोणीं करावी?

खरें म्हणजे आपल्याकडील संस्थांना असल्या हुकुमाची वाट पाहावी लागली नव्हती. १९०५ च्या आक्टोबरांत पुण्यास विलायती कपड्यांची होळी झाली, तेव्हां तिच्या पुढाकाराबद्दल विनायक दामोदर सावरकर यांना फर्ग्युसन कॉलेजानें १० रुपये दंड करून वसतिगृहांतून काढून टाकलें. प्राचार्य होते रँग्लर परांजपे, आणि कॉलेज सरकारी नव्हतें. 'केसरी'नें त्यांच्यावर कडक टीका केली. रँग्लरांच्या हेतूविषयीं आम्हांस शंका नाहीं. परंतु भीति दाखविण्यापूर्वींच ती बाळगण्याची संवय संस्थांना कशी लागते, याचें हें उदाहरण आहे.

नाशकांत त्या काळीं कॉलेज नव्हतें. हंसराज प्रागजी ठाकरसी कॉलेज निघालें १९२४ सालीं. तोंवर मॅट्रिक होऊन मुलगा पुण्यामुंबईस जाई. म्हणजे परिपत्रकांतलें सभेस जाण्याचेंही मनाई करणारें कडक कलम नाशिकच्या वांट्यास आलें. आणि ज्या गांवांत १९०० च्या प्रारंभापासून तिळभांडेश्वराच्या बोळांत मित्रमेळ्याच्या बैठकी भरत, १९०४ पासून 'अभिनव भारत' काम करीत होतें, त्या गांवांत!

परिपत्रकामुळें क्रांतिकारक निर्माण झाले असें आम्ही म्हणत नाहीं. तारखाच तें खोटें पाडतील. परंतु उघड सभेंत पोराच्या तोंडावर दोन उलट प्रश्न टाकणारा एखादा वकील, एखादा मास्तर असे. नेमस्त असो वा जहाल, तो वडीलकीनें बोले. मुलास सभा बंद आणि मास्तराचें तोंड बंद झाल्यावर उरली ती बोळांतली कुजबुज. तेथें उलट प्रश्न कोण विचारणार?

१९०९ च्या जूनमध्यें बाबाराव सावरकरांना कवितांच्या प्रकाशनाबद्दल जन्मठेप काळ्या पाण्याची शिक्षा झाली. त्याच वर्षीं २१ डिसेंबरला विजयानंद नाट्यगृहांत 'शारदा' नाटकाच्या वेळीं कलेक्टर जॅक्सन यांचा वध झाला. जॅक्सन संस्कृतचे व्यासंगी होते, हेंही नमूद केलें पाहिजे. गोळी झाडणारा अनंत कान्हेरे जेमतेम अठरा वर्षांचा, औरंगाबादेस शिकणारा. म्हणजे निजामाच्या मुलुखांतला, मुंबई इलाख्याच्या शिक्षणखात्याच्या हाताबाहेरचा! १९ एप्रिल १९१० रोजीं कान्हेरे, कर्वे व देशपांडे ठाण्याच्या तुरुंगांत फांसावर गेले. नाशिक कटाच्या खटल्यांत ३८ आरोपी होते. पैकीं २७ जणांना शिक्षा झाल्या.

इंग्रज गेले, तरी हा प्रश्न गेला नाहीं. आतां मात्र सरकार आपलें आणि कारणही निराळें. १९८९ सालीं मुंबईंत एका विद्यार्थी पुढाऱ्याचा खून झाला. निवडणुकींतील गुंडगिरीस लोक विटले होते, आणि पालकांचें भय खोटें नव्हतें. पुढें महाराष्ट्राच्या १९९४ च्या विद्यापीठ कायद्यानें विद्यार्थ्यांच्या मतदानाऐवजीं परीक्षेंतील गुण पाहून प्रतिनिधि नेमण्याची पद्धति आणली. याच सुमारास, १९८९ सालीं, घटनादुरुस्तीनें मतदानाचें वय २१ वरून १८ वर आलें होतें! नाशिकचा अठरा वर्षांचा मुलगा लोकसभेचा सभासद निवडूं शके, पण आपल्या कॉलेजाचा प्रतिनिधि निवडूं शकत नसे. २०१६ च्या कायद्यानें निवडणूक पुनः मान्य केली. पण २०१९ सालीं ठरलेल्या त्या निवडणुका सरकारनें पुढें ढकलल्या.