कर्ट फ्लड : हरलेल्या खटल्याने बेसबॉल बदलणारा खेळाडू

अमेरिकेतील व्यावसायिक बेसबॉलचे आर्थिक स्वरूप पालटण्यास कारणीभूत ठरलेल्या खेळाडूंमध्ये कर्ट फ्लड यांचे नाव अग्रक्रमाने घेतले जाते. मैदानाच्या मागील भागात क्षेत्ररक्षण करणारे ‘सेंटर फिल्डर’ म्हणून त्यांनी लौकिक मिळवला. तथापि त्यांची खरी ओळख ठरली ती संघमालकांविरुद्ध त्यांनी दिलेली न्यायालयीन लढाई.

फ्लड यांचा जन्म १८ जानेवारी १९३८ रोजी ह्यूस्टन येथे झाला आणि बालपण कॅलिफोर्नियातील ओकलंड शहरात गेले. १९५६ मध्ये सिनसिनाटी संघातून त्यांनी मेजर लीगमध्ये पदार्पण केले. वर्णभेदाच्या त्या काळात दक्षिणेकडील राज्यांत दुय्यम साखळीत खेळताना या कृष्णवर्णीय तरुणास प्रेक्षकांची शिवीगाळ आणि वेगळ्या निवासाचा अपमान सोसावा लागला. १९५७ च्या अखेरीस सिनसिनाटीने त्यांना सेंट लुईस कार्डिनल्सकडे सोपवले. तेथील १२ हंगामांत कार्डिनल्सने १९६४ आणि १९६७ ची वर्ल्ड सिरीज जिंकली. उत्कृष्ट क्षेत्ररक्षणासाठी दिला जाणारा ‘गोल्ड ग्लव्ह’ पुरस्कार फ्लड यांनी १९६३ ते १९६९ अशी सलग सात वर्षे पटकावला. १९६६ च्या संपूर्ण हंगामात क्षेत्ररक्षणात त्यांच्या नावावर एकही चूक नोंदली गेली नाही.

ऑक्टोबर १९६९ मध्ये कार्डिनल्सने अन्य खेळाडूंसमवेत त्यांची फिलाडेल्फिया संघाशी अदलाबदल केली. त्यावेळच्या करारांतील ‘रिझर्व्ह क्लॉज’ या कलमामुळे कराराची मुदत संपल्यानंतरही खेळाडूवर संघाचाच हक्क राहत असे. संघ सांगेल तेथे जायचे किंवा खेळ सोडायचा, एवढाच पर्याय खेळाडूपुढे उरे. सुमारे ९० हजार डॉलर वार्षिक वेतन असलेल्या फ्लड यांनी फिलाडेल्फियास जाण्यास नकार दिला. आपण खरेदी-विक्रीची वस्तू नाही, अशा आशयाचे पत्र त्यांनी २४ डिसेंबर १९६९ रोजी बेसबॉल आयुक्त बोवी कून यांना पाठवले. मागणी फेटाळली गेल्यावर जानेवारी १९७० मध्ये त्यांनी दावा दाखल केला.

मार्विन मिलर यांच्या नेतृत्वाखालील खेळाडू संघटनेने खटल्याचा खर्च उचलला. सर्वोच्च न्यायालयाचे माजी न्यायमूर्ती आर्थर गोल्डबर्ग यांनी फ्लड यांची बाजू मांडली. जॅकी रॉबिन्सन यांच्यासारख्या निवृत्त दिग्गजाने साक्ष दिली. परंतु त्यावेळी खेळत असलेला एकही खेळाडू साक्षीसाठी पुढे आला नाही.

बेसबॉलला मक्तेदारीविरोधी कायद्यातून सूट देणारा निकाल १९२२ मध्येच लागला होता. १९ जून १९७२ रोजी सर्वोच्च न्यायालयाने ती सूट ५ विरुद्ध ३ मतांनी कायम ठेवली. ही सूट विसंगत असल्याचे मान्य करूनही ती दूर करण्याचे काम न्यायालयाने काँग्रेसवर सोपवले.

तोवर फ्लड यांची कारकीर्द संपली होती. १९७० चा हंगाम त्यांनी गमावला, तर १९७१ मध्ये वॉशिंग्टन सेनेटर्सकडून अवघे १३ सामने खेळून ते स्पेनला निघून गेले. १,८६१ हिट आणि .२९३ ची फलंदाजी सरासरी येथे त्यांची आकडेवारी थांबली.

मात्र या खटल्यामुळे संबंधित कलमाविरुद्ध जनमत तयार झाले. मेजर लीगमध्ये १० वर्षे आणि त्यातील शेवटची पाच वर्षे एकाच संघात काढलेल्या खेळाडूस अदलाबदल नाकारण्याचा अधिकार १९७३ च्या करारान्वये मिळाला. डिसेंबर १९७५ मध्ये लवाद पीटर साइट्झ यांनी अँडी मेसरस्मिथ आणि डेव्ह मॅकनॅली यांच्या बाजूने निर्णय दिल्याने त्या कलमाची पकड सुटली आणि खेळाडूंना संघ निवडण्याचा मार्ग खुला झाला. त्याचा लाभ पुढील पिढ्यांना झाला. फ्लड यांच्या वाट्याला तो आला नाही.

२० जानेवारी १९९७ रोजी वयाच्या ५९ व्या वर्षी त्यांचे निधन झाले. पुढील वर्षी अमेरिकी काँग्रेसने संमत केलेल्या ‘कर्ट फ्लड कायद्या’ने मेजर लीगच्या खेळाडूंना मक्तेदारीविरोधी कायद्याचे संरक्षण दिले. दुय्यम साखळीतील खेळाडू मात्र त्याच्या कक्षेबाहेर राहिले.