टीव्ही आला आणि मुलं गप्प झाली

आज १९५९ सालच्या एका जपानी सिनेमाविषयी बोलू या. नाव ‘ओहायो’. सकाळी भेटल्यावर आपण ‘राम राम’ म्हणतो ना, तसा हा जपानी शब्द. दिग्दर्शक यासुजिरो ओझू.

जपानमध्ये टीव्हीचं नियमित प्रसारण १९५३ मध्ये सुरू झालं. युद्धात होरपळलेला देश सावरत होता. टीव्ही, फ्रीज आणि कपडे धुण्याचं मशीन, या तीन वस्तू घरात याव्यात असं प्रत्येकाला वाटत होतं. एप्रिल १९५९ मध्ये युवराजांचं लग्न झालं. ते बघायला मिळावं म्हणून लोकांनी भराभर टीव्ही घेतले. पुढच्याच महिन्यात हा सिनेमा आला.

टोकियोच्या कडेची, खेटून घरं असलेली वस्ती. तिथल्या बायकांच्या मंडळाची वर्गणी हरवते. नेमकं त्याच सुमारास मंडळाच्या प्रमुख बाईंकडे कपडे धुण्याचं मशीन येतं. झालं, कुजबुज सुरू! खरं तर पैसे त्यांच्या म्हाताऱ्या आईकडे दिलेले असतात आणि ती सांगायला विसरलेली असते.

तिथलेच दोन भाऊ शेजारी टीव्हीवर सुमो कुस्ती बघतात आणि घरी टीव्हीचा हट्ट धरतात. “फार बोलता,” वडील रागावतात. थोरला उलटून म्हणतो, मोठी माणसंच ‘राम राम, हवा छान आहे’ असं उगाच बोलतात. मग दोघं बोलणंच बंद करतात. प्रमुख बाईंनाही उत्तर देत नाहीत. बाईंना वाटतं, वर्गणीचा राग यांच्या आईच्या मनात अजून आहे. पुन्हा कुजबुज. शेवटी टीव्ही घरात येतो, मुलं बोलू लागतात.

हा सिनेमा मला जवळचा वाटतो, कारण आमच्या बचत गटात असंच घडलं. एका ताईंकडे नवा टीव्ही आला आणि त्याच महिन्यात त्यांच्या हप्त्याची नोंद वहीत नव्हती. बायका बोलू लागल्या. त्या दोन बैठकांना आल्याच नाहीत. मी पावत्या जुळवल्या. हप्ता भरलेला होता, वहीत चढवायचा राहिला होता तो माझ्याकडून.

बैठकीत सगळ्यांसमोर चूक कबूल केली आणि त्यांच्या घरी गेले. सुरुवात कशी करावी सुचेना. त्यांनीच चहा टाकला आणि विचारलं, “यंदा पाऊस लांबला, नाही?”

त्या एका उगाच बोलण्यानं माझी वाट मोकळी झाली.