मानसोल्लासातला चित्रकथक

कल्याणीच्या चालुक्य घराण्यातला तिसरा सोमेश्वर ११२६ ते ११३८ या काळात राज्यावर होता. त्याच्या नावावर असलेला ‘मानसोल्लास’ हा संस्कृत ग्रंथ म्हणजे राजाला जे जे ठाऊक असावे त्याचा कोशच आहे. हत्ती-घोडे, औषधे, स्वयंपाक, गाणे, खेळ, सगळे त्यात आले आहे. चित्रकलेवर मोठे प्रकरण आहे. भिंत कशी घोटावी, म्हशीचे कातडे उकळून वज्रलेप कसा करावा, रंग कसे चढवावेत, हे हात धरून शिकवावे तसे सांगितले आहे. आणि याच ग्रंथात चित्रकथक भेटतो. रंगवलेली चित्रे समोर मांडून कथा सांगणारा हा माणूस राजाच्या सभेत बसण्याच्या लायकीचा मानला गेला आहे.

कल्याणी म्हणजे आजचे बसवकल्याण. आमच्या परळीहून ते पुण्यापेक्षा कितीतरी जवळ आहे. मराठवाड्यात चित्रांचा विषय निघाला की आम्ही अजिंठ्याकडे बोट दाखवतो आणि गप्प बसतो, जणू त्यानंतर दीड हजार वर्षे या भागात कुणी कुंचला हातात घेतलाच नाही. मी परळीतल्या एका शाळेत चित्रकला शिकवते. वर्षानुवर्षे मुलांकडून एलिमेंटरी आणि इंटरमिजिएटच्या परीक्षांची तयारी करून घेतली, स्थिरचित्र, स्मरणचित्र, संकल्पचित्र शिकवले. पण आमच्या मुलखाची म्हणावी अशी एकही रेघ त्या अभ्यासात नव्हती, याची मला सतत टोचणी होती.

‘चित्रकथी’ हा शब्द मी पहिल्यांदा वाचला तो कलेच्या पुस्तकात नाही. शिष्यवृत्तीचे अर्ज भरून घेताना भटक्या जमातींची यादी समोर होती. गोंधळी, गोपाळ, जोशी, नंदीवाले, पांगुळ, वासुदेव, आणि त्यांच्यातच चित्रकथी. गोंधळी-वासुदेव आमच्या गल्लीत येतात, त्यांना मी ओळखते. चित्रकथी मात्र मी कधी पाहिला नव्हता. शोधत गेले तर १८८५ साली छापलेले पुणे जिल्ह्याचे गॅझेटिअर सापडले. चित्र दाखवून देवादिकांच्या कथा सांगणारे हे लोक त्यात आहेत, पण ते ‘भिकारी’ या सदराखाली. त्याआधी साडेसातशे वर्षे राजाने आपल्या ग्रंथात ज्याची कला नोंदवली, त्याला इंग्रज साहेबाच्या कारकुनाने भिकाऱ्यांच्या रकान्यात बसवले. याचा मला अजूनही राग येतो. दारोदार जाऊन कथा सांगणारा माणूस धान्य घेतो ते कथेचे मोल म्हणून. कीर्तनकाराला बिदागी मिळते तेव्हा त्याला कुणी भिकारी म्हणत नाही.

आमच्या बाजूला चित्र आणि अक्षर एकत्र नांदण्याची सवय जुनी आहे, याचा पुरावा परळीपासून २५ किलोमीटरवर अंबाजोगाईत आहे. संतकवी दासोपंतांची पासोडी. दासोपंतांचा काळ १५५१ ते १६१५. पंचीकरणासारखा वेदान्तातला अवघड विषय त्यांनी चाळीसेक फूट लांबीच्या कापडावर लिहून काढला आणि जागोजागी आकृत्या काढून समजावला. कापड उलगडत जायचे, बोट ठेवायचे, सांगायचे. ती पासोडी पाहताना मला कायम असे वाटत आले आहे की ही एकट्याने वाचायची वस्तू नाही, चार माणसांसमोर पसरायची आहे. पलीकडे तेलंगणातल्या चेरियालला नक्काशी कलावंत कथेच्या लांबलचक पट्ट्या रंगवतात आणि त्या दाखवून जातिपुराणे सांगितली जातात. निजामाच्या राज्यात परळी आणि चेरियाल एकाच संस्थानात होते. तेव्हा कथेचे चित्र घेऊन फिरणारा माणूस या साऱ्या पठाराला परका नव्हता.

मग पैठणची चित्रे. पुण्याच्या राजा दिनकर केळकर संग्रहालयात आणि देश-परदेशांतल्या इतर संग्रहांत या नावाने ओळखली जाणारी चित्रकथींची कागदी चित्रे आहेत. बाजूने काढलेले चेहरे, त्यांत मासोळीसारखे मोठे डोळे, पानभर माणसे, मागे डोंगर-झाडांचा पसारा जवळजवळ नाही. लाल, पिवळा, हिरवा, निळा, काळा. पैठण परिसरातून बरीच चित्रे संग्राहकांच्या हाती आली म्हणून नाव पैठणचे पडले. ॲना दलापिकोला या विदुषीने १९८० साली जर्मन भाषेत यावर ग्रंथ लिहिला, तोही पैठणच्याच नावाने. पैठण आमच्या गोदावरीकाठचे, त्यामुळे ही शैली आपल्याकडची, शिकायची तर पैठणला जाऊ, असा माझा विचार होता. पण ही चित्रे आजही काढणारी आणि सांगणारी माणसे गोदाकाठी नाहीत, ती सिंधुदुर्गातल्या कुडाळजवळच्या पिंगुळी गावात आहेत. तिथल्या ठाकर समाजाच्या घरांत या चित्रांच्या पोथ्या पिढ्यान्‌पिढ्या आहेत. एका टोकाला चित्रे सापडली आणि दुसऱ्या टोकाला चित्रकार, आणि मधला सगळा रस्ता फिरत्या लोकांनी तुडवलेला.

कोकणातून आमच्याकडे येण्याची वाट जुनी आहे. अंबाजोगाईची योगेश्वरी ही कोकणस्थांची कुलदेवता, त्यामुळे मार्गशीर्षात तिकडची कुटुंबे घाट चढून येतात. मी उलटी, पिंगुळीकडे निघाले. दिवाळीच्या सुट्टीत लातूर, सोलापूर, कोल्हापूर अशा एसट्या बदलत, आंबोलीचा घाट उतरून सावंतवाडी. घाटाच्या वरच्या अंगाला आमची काळी माती कधीच संपलेली असते आणि खाली उतरले की जमीन तांबडी होते. माझ्या डोळ्यांना परळीच्या औष्णिक केंद्राच्या राखेची सवय. १९७१ पासून ते केंद्र धूर सोडते आहे आणि आसपासच्या झाडांची पाने करडी झाली आहेत. इतका हिरवा रंग एका जागी पाहून मी आधी रंगपेटी उघडून हिरव्याच्या छटा लावत बसले.

सावंतवाडीला थांबायलाच हवे. चितारआळीत लाकडी फळे-खेळणी रंगवणारे कारागीर आहेत, आणि राजवाड्यात गंजिफाचे पत्ते रंगवताना बघता येते. शिवरामराजे आणि सत्त्वशीलादेवी भोसले यांनी १९७० च्या दशकात ही मरणपंथाला लागलेली कला पुन्हा उभी केली. दशावतारी गंजिफाच्या १२० गोल पानांवर अवतार रंगवलेले असतात. याच सावंत-भोसले राजघराण्याने पिंगुळीच्या ठाकरांनाही आश्रय दिला होता. कोणत्या गावच्या देवळात कोणत्या घराण्याने कथा सांगायची हे ठरलेले असे, आणि ती गावे वारशाने चालत, असे पिंगुळीत सांगतात.

एकच समाज तीन तऱ्हांनी कथा सांगतो. चित्रांतून, कळसूत्री लाकडी बाहुल्यांतून आणि चामड्याच्या सावल्यांच्या बाहुल्यांतून. पहिल्या दिवशी मी या तिन्ही वस्तू शेजारी ठेवलेल्या पाहिल्या आणि चित्रातल्या चेहऱ्याचे कोडे उलगडू लागले. चामड्याची बाहुली दिव्यापुढे धरली की पडद्यावर तिची फक्त कड दिसते. नाक, हनुवटी, मुकुटाचे टोक कडेवरच ओळखू यायला हवे. आंध्र-कर्नाटकातल्या चामड्याच्या बाहुल्यांशी पैठण चित्रांचे साम्य अभ्यासकांनी दाखवले आहेच. माझ्या हाताला ते तिथे पटले. कागदावरचा राक्षससुद्धा कातरून उचलता येईल इतका स्वच्छ असतो.

परशुराम गंगावणे यांनी इथे २००६ मध्ये आपल्या गोठ्यात ठाकर आदिवासी कला आंगण हे संग्रहालय सुरू केले आणि २०२१ मध्ये त्यांना पद्मश्री जाहीर झाली. आपल्या समाजाच्या वस्तू त्याच समाजाच्या माणसाने, स्वतःच्या अंगणात, त्यांच्या खऱ्या नावाने मांडायच्या, ही गोष्ट मला कोणत्याही मोठ्या दालनापेक्षा मोठी वाटते. तिथे उभे राहिल्यावर १८८५ च्या त्या रकान्याचा विचार मनातून जात नव्हता.

शिकले ते मात्र गावातल्याच एका वृद्ध कलावंतांकडे. त्यांचे नाव मी लिहीत नाही, त्यांना ते आवडणार नाही. आमच्या कलाशिक्षणात आधी मापे, मग पेन्सिलीचा सांगाडा, मग रंग. त्यांनी माझ्यापुढे कोरा कागद ठेवला आणि कुंचला दिलाच नाही. कोणता प्रसंग काढायचा ते सांगायला लावले. मी म्हटले, इंद्रजित रामाच्या सैन्यावर बाण सोडतो. त्यांनी विचारले, “हो कोण? हो काय सांगता?” म्हणजे डाव्या हाताला उभे असलेले ते वानर काय म्हणते आहे? मला ते ठाऊक असायला हवे होते. वानराचे बोलणे ठरल्याशिवाय त्याचा हात वर की खाली हे ठरत नाही. “बाई, आधी सांगा, मगे काढा,” असे ते पुन्हा पुन्हा म्हणत.

एका कथेच्या चित्रांचा संच म्हणजे पोथी. दोन चित्रे पाठीला पाठ लावून चिकटवतात, त्यामुळे पान उलटले की पुढचा प्रसंग. सुरुवातीला गणपती, मग सरस्वती, मग कथा. सांगणारा बसतो, चित्र समोर उभे राहते, साथीला वीणा, हुडूक आणि टाळ. एका पानावर एकच क्षण असतो, आणि बहुतेक वेळा दोन बाजू एकमेकींना भिडलेल्या असतात. इकडून एक बोलतो, तिकडून दुसरा उत्तर देतो. सांगणाऱ्याचा आवाज डावीकडून उजवीकडे फिरतो तेव्हा ऐकणाऱ्याची नजर त्याच्याबरोबर जाते. म्हणून पार्श्वभूमी रिकामी. तिथे डोंगर काढला तर नजर डोंगरात अडकेल. म्हणून डोळे मोठे, कारण रात्री देवळाच्या मंडपात दिव्याच्या उजेडात लांब बसलेल्याला डोळाच दिसतो. संग्रहालयातल्या काचेआड मी या चित्रांकडे सजावट म्हणून पाहत होते. ती कामाची अवजारे आहेत.

रेघ ते कुंचल्यानेच मारत, थेट. गेरूची पुसट, मग रंग, शेवटी काजळाची काळी. ती शेवटची रेघ मारताना ते पुटपुटत असत आणि थोड्या दिवसांनी माझ्या लक्षात आले की ते कथा म्हणत आहेत. कथेची लय आणि रेघेची लय एकच होती. पोथी जीर्ण झाली की ती पाण्यात सोडायची रीत होती, असेही त्यांनी सांगितले. विकायची नसे. जुनी पाने फार उरली नाहीत याचे एक कारण हेही असेल. कथा तोंडात शिल्लक असली की नवी पोथी काढता येते. कथा सांगणारा गेला तर हाती उरते ते विकत घेता येण्यासारखे चित्र, आणि आपल्याकडच्या बहुतेक चित्रांचे तसेच झाले.

परतीच्या प्रवासात मला भास्कर कुलकर्णी आठवत राहिले. हा मराठी चित्रकार १९६० च्या दशकात हस्तकलांसाठी काम करणाऱ्या पुपुल जयकरांच्या सांगण्यावरून दुष्काळी बिहारमध्ये मधुबनीला गेला, बायकांना कागद दिले आणि भिंतीवरची चित्रे कागदावर आली. पुढे तोच वारल्यांकडे गेला आणि वारली चित्रकार जिव्या सोमा मशे जगाला माहीत झाले. आमच्याकडे १९७२ चा दुष्काळ पडला तेव्हा बायकांच्या हातात खडी फोडायचा हातोडा आला. त्या कामाने घरे जगली, त्याबद्दल तक्रार नाही. पण आमच्या गावांत कोणत्या भिंती, कोणत्या कथा, कोणते हात होते ते पाहायला कागद घेऊन कुणी आले नाही, हे मला बोचते. आज वारली चित्र प्रत्येक शाळेच्या भिंतीवर आहे. चित्रकथी का नाही, याचे उत्तर मला पिंगुळीत मिळाले असे वाटते. त्रिकोण-वर्तुळे एका तासात शिकवता येतात. कथा सांगायला शिकवणे तासिकेत बसत नाही.

तरीही मी शाळेत एक पोथी हाती घेतली आहे. विषय आमचा परळीचा वैजनाथच. समुद्रमंथनातून धन्वंतरी आणि अमृत बाहेर आले, असुर झडप घालणार इतक्यात विष्णूने दोघांना शिवलिंगात लपवले. असुरांनी हात लावला तर ज्वाळा उठल्या, भक्तांनी लावला तर अमृताची धार आली. म्हणून परळीत पिंडीला हात लावून दर्शन घेता येते, अशी आमच्याकडची कथा. अहिल्याबाईंनी जीर्णोद्धार केलेल्या त्या दगडी मंदिराच्या पायऱ्या ही मुले लहानपणापासून चढतात, पण ही कथा सलग सांगता येणारी फार थोडी निघाली. नियम पिंगुळीचाच ठेवला. आधी उभे राहून सांगायचे, कोण कोणाला काय म्हणाले ते ठरवायचे, मग कागद.

गणपती झाला, सरस्वती झाली, मंथनाचे पान झाले. त्यात एका बाजूला देव, दुसऱ्या बाजूला असुर आणि मध्ये वासुकी, ही मांडणी चित्रकथीसाठीच जन्मली आहे असे वाटावे इतकी ती नेमकी बसली. मग सातवीतल्या एका मुलीने हरकत घेतली. तिच्या आजीने वेगळीच कथा सांगितली होती. रावण कैलासावरून लिंग घेऊन निघाला, वाटेत ते खाली ठेवावे लागले आणि तिथेच रुजले. वर्गात दोन तट पडले. मुले घरी विचारून आली, आज्या-आजोबांनी दोन्ही कथा सांगितल्या, काहींनी तिसरी. पोथी एकाच कथेची असते, म्हणून आता दुसरी पोथी सुरू करावी लागणार. रावणाच्या दहा तोंडांपैकी बोलते तोंड कोणते, आणि बाकीची नऊ त्या वेळी काय करतात, हे विचारायला मी येत्या नवरात्रात पुन्हा पिंगुळीला जाणार आहे.