पोर्तुगीज स्वरलेखन, कोकणी शब्द : क्रिस पेरी व लॉर्ना यांच्या ध्वनिमुद्रिकांची ऐतिहासिक जडणघडण

प्रस्तावना

गोव्यावर पोर्तुगिजांची सत्ता १५१० ते १९६१ अशी सुमारे साडेचारशे वर्षे टिकली. १६८४ मध्ये व्हाइसरॉय कोंद द आल्व्होर याने तीन वर्षांत कोकणी सोडून पोर्तुगीज बोलण्याचा हुकूम काढला होता. अशा प्रदेशातील लोकप्रिय संगीत पोर्तुगीज भाषेतच घडावे, ही अपेक्षा स्वाभाविक ठरते. ब्राझीलमध्ये तसे घडले. १९५९ मध्ये ज्वांव जिल्बेर्तो यांची 'शेगा द सौदादे' ही पोर्तुगीज ध्वनिमुद्रिका निघाली आणि 'बोसा नोव्हा' हा संगीतप्रकार जगभर पोहोचला. गोमंतकीयांच्या जिव्हाळ्याच्या ध्वनिमुद्रिका मात्र कोकणीत निघाल्या आणि त्यांची जडणघडण झाली ती मुंबईत. असे का झाले, याचा शोध क्रिस पेरी (१९२८–२००२) व लॉर्ना कोर्देइरो यांच्या गीतांच्या आधारे घेणे हा प्रस्तुत निबंधाचा हेतू आहे.

चर्चची शाळा आणि स्वरलेखन

पोर्तुगीज राजवटीत चर्चला जोडलेल्या शाळांतून मुलांना पाश्चात्त्य स्वरलेखन, समूहगायन आणि व्हायोलिनसारखी वाद्ये शिकविली जात. प्रार्थनासंगीतासाठी गायक-वादक तयार करणे हा त्यामागील उद्देश होता. पोर्तुगीज भाषा प्रशासन व उच्चभ्रू वर्ग यांच्यापुरती राहिली; स्वरलेखन मात्र सामान्य ख्रिस्ती कुटुंबांतही पोहोचले. एकोणिसाव्या शतकात बहरलेला 'मांडो' हे याचे ठळक उदाहरण होय. त्याच्या रचनेवर पाश्चात्त्य स्वरमेळाची छाप आहे, साथीला व्हायोलिन आणि घुमट आहेत आणि शब्द कोकणी आहेत. क्रिस पेरींच्या गीतांतील भाषा आणि संगीत यांची ही विभागणी अशा प्रकारे बरीच जुनी होती.

मुंबई : पोट आणि प्रेक्षक

गोव्यात रोजगार तुटपुंजा असल्याने असंख्य गोमंतकीय ब्रिटिश मुंबईत आले. गावोगावच्या लोकांनी येथे आपापल्या 'कुडी', म्हणजे सामाईक निवासस्थाने, स्थापन केल्या. याच शहरात १७ एप्रिल १८९२ रोजी 'इटालियन भुरगो' या पहिल्या तियात्राचा प्रयोग झाला. तियात्राने कोकणी गीतांना तिकीट काढून येणारा श्रोता मिळवून दिला. पोर्तुगीज गीतांना असा श्रोतृवर्ग मुंबईत नव्हता.

वादकांचे पोट मात्र हॉटेलांतील नृत्यसंगीतावर व चित्रपटांवर अवलंबून होते. १९४९ च्या मुंबई दारूबंदी कायद्यानंतर हॉटेलांतील कामाला ओहोटी लागली आणि अनेक वादक चित्रपटांच्या स्टुडिओंकडे वळले. पुणतांबे येथे जन्मलेल्या सी. रामचंद्र यांना ट्रम्पेटवादक चिक चॉकलेट यांचे साहाय्य लाभले. 'अलबेला' (१९५१) मधील संगीतात ते स्पष्ट जाणवते. शंकर-जयकिशन यांच्यासाठी सेबास्टियन डिसोझा वाद्यवृंदाचे संयोजन करीत. माजोर्डा येथील अँथनी गोन्साल्विस यांनी १९५८ मध्ये भारतीय राग आणि पाश्चात्त्य वाद्यवृंद यांचा मेळ घालणारा प्रयोग मुंबईच्या सेंट झेवियर्स महाविद्यालयात सादर केला. संगीतकाराने गाऊन दाखविलेली चाल कागदावर उतरवून प्रत्येक वादकाच्या हाती त्याचा भाग देणे, हे या संयोजकांचे कौशल्य होते. चित्रपटाच्या श्रेयनामावलीत मात्र त्यांच्यापैकी बहुतेकांना स्थान मिळाले नाही.

गीतांची भाषा

मडगावचे क्रिस पेरी हे याच परंपरेतील ट्रम्पेट व सॅक्सोफोनवादक होते. हॉटेलांत ते इंग्रजी नृत्यसंगीत वाजवीत. लॉर्ना त्यांच्या वाद्यवृंदात गात असत. १९६० च्या दशकाची अखेर व १९७० च्या दशकाचा प्रारंभ या काळात त्यांची कोकणी गीते एचएमव्हीने ध्वनिमुद्रित केली. हॉटेलातील संगीताचा ठेका, चित्रपटसंगीतातील संयोजनाची सफाई आणि तियात्राची भाषा या तिन्ही गोष्टी येथे एका लहानशा तबकडीवर एकत्र आल्या.

केवळ शीर्षके पाहिली तरी इतिहासाचे थर दिसतात. 'बेबदो' म्हणजे दारुडा. हा शब्द पोर्तुगीज 'बेबादु'वरून आला. 'नाचूं-या कुम्पासार' यातील 'कुम्पास' हा ताल या अर्थाचा पोर्तुगीज 'कोम्पासु' होय. मात्र त्याला जोडलेला प्रत्यय आणि 'नाचूं-या' हे क्रियापद कोकणी आहे. 'पिसो' हा शब्द तर मराठी वाचकाला 'वेडापिसा'मुळे परिचित आहे. राज्यकर्त्यांचे शब्द कोकणीने घेतले. पण ते आपल्या व्याकरणात बसवून घेतले. १६८४ च्या हुकुमाला मिळालेले हे सावकाश, पण निर्णायक उत्तर मानता येईल.

या गीतांचा काळही लक्षणीय आहे. १६ जानेवारी १९६७ च्या जनमत कौलात गोव्याने महाराष्ट्रातील विलीनीकरण नाकारले. कोकणी ही स्वतंत्र भाषा की मराठीची बोली, हा वाद तेव्हा ऐरणीवर होता. वादाचा भर व्याकरण, लिपी आणि ग्रंथसंपदा यांवर राहिला. एखादी भाषा आधुनिक नागर जीवन व्यक्त करू शकते की नाही, याचा पुरावा मात्र त्याच सुमारास ध्वनिमुद्रिकांतून घरोघरी ऐकू येत होता. साहित्य अकादमीची मान्यता (१९७५), राजभाषेचा दर्जा (१९८७) व आठव्या अनुसूचीतील समावेश (१९९२) हे टप्पे त्यानंतरचे आहेत.

पुढे लॉर्ना दीर्घकाळ ध्वनिमुद्रणापासून दूर राहिल्या. १९९५ मध्ये रॉनी मोन्सेरात यांच्या संगीतातील 'हॅलो लॉर्ना'द्वारे त्या परतल्या. या जुन्या गीतांवर आधारलेला 'नाचूं-या कुम्पासार' हा बार्द्रॉय बार्रेतो दिग्दर्शित चित्रपट २०१४ मध्ये पूर्ण झाला व सर्वोत्कृष्ट कोकणी चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार त्याने मिळविला.

समारोप

वरील विवेचनावरून असे म्हणता येईल की, पोर्तुगीज सत्तेचा संगीतावरील प्रभाव भाषेच्या नव्हे, तर स्वरलेखनाच्या मार्गाने टिकला आणि कोकणी ध्वनिमुद्रिकेला आकार देण्यात स्थलांतरित गोमंतकीयांच्या मुंबईचा वाटा मोठा होता. भाषा कोकणी, लिपी रोमन आणि कलावंत ख्रिस्ती, म्हणून हा विषय गोव्याच्या खात्यावर टाकून मराठी अभ्यासकांना मोकळे होता येणार नाही. ज्या वादकांनी चित्रपटसंगीताला स्वरमेळ दिला, त्यांनीच ही गीते घडविली. त्यांची नोंद घेतल्याशिवाय मुंबईचा, पर्यायाने महाराष्ट्राचा सांगीतिक इतिहास पूर्ण होणार नाही. त्या पिढीतील अनेक कलावंत आज हयात नाहीत. म्हणून उरलेल्यांच्या मौखिक आठवणी आणि हस्तलिखित स्वरलेखनाची पाने जतन करण्याचे काम विद्यापीठे व महाविद्यालयांनी विनाविलंब हाती घ्यावयास हवे.